सिस्टरचे तीन दावे

त्यांना सगळे सिस्टरच म्हणायचे. तेहतीस वर्षं सरकारी दवाखान्यात नर्स होत्या. निवृत्त झाल्यावरही दूधवाल्यापासून बँकेतल्या कॅशियरपर्यंत कोणी दुसऱ्या नावानं हाक मारली नाही. कोर्टात मात्र या नावानं घोटाळा केला. पहिल्याच तारखेला आमचे वकीलसाहेब सवयीनं म्हणाले, "सिस्टर हजर आहेत." न्यायाधीशांनी चष्म्यावरून बघत विचारलं, "कोणाची सिस्टर? वादीची की प्रतिवादीची?" सगळे हसले, सिस्टरही हसल्या. पुढे नऊ वर्षं त्या कोर्टात येत राहिल्या, पण तिथे त्यांना हसताना मी फारसं पाहिलं नाही.

मी त्या वकीलसाहेबांकडे कारकून आहे, सत्तावीस वर्षं झाली. दावे टाईप करायचे, नकला काढायच्या, तारखा डायरीत चढवायच्या, साहेब येईपर्यंत पक्षकारांना बोलण्यात गुंतवून ठेवायचं. कायदा मला कळत नाही असं साहेब म्हणतात, आणि चारचौघांत मीही तेच म्हणतो. सिस्टरच्या या सगळ्या वाटणीत एक वाटा माझाही आहे. तो मागायला मात्र कोणी दावा लावला नाही.

दवाखान्यात त्यांचा दरारा होता तो एका गोष्टीसाठी. न घेतलेला ताप त्यांनी कधी तक्त्यावर लिहिला नाही. एकदा एक पेशंट दगावला. मोठ्या डॉक्टरांनी सांगितलं, दर दोन तासांनी रक्तदाब तपासला होता असं लिहून टाका, चौकशी येईल. सिस्टरनी लिहिलं, "या वेळी तपासला नाही. वॉर्डात बेचाळीस पेशंट, नर्स एक." त्याबद्दल त्यांची रवानगी दोन वर्षं साथीच्या रोगांच्या वॉर्डात झाली. त्या गेल्या आणि दोन वर्षं काढून परत आल्या. ही गोष्ट मला त्यांनी नाही, तिथल्या एका वॉर्डबॉयनं सांगितली. तो आमच्याकडे घटस्फोटासाठी यायचा.

लग्न केलं नाही. का नाही केलं हे विचारायची कोणाची छाती झाली नाही. वडील छापखान्यात कंपोझिटर होते. त्यांना अर्धांगवायू झाला आणि सात वर्षं ते खालच्या मजल्यावरच्या पुढच्या खोलीत पडून राहिले. थोरला भाऊ नोकरीनिमित्त साडेतीन तासांवरच्या शहरात स्थायिक झालेला. तो वर्षातून एकदा येऊन खुर्चीच्या कडेवर बसून जायचा. धाकटी बहीण तिच्या सासरी. सिस्टर ड्यूटी करून यायच्या आणि घरी दुसरी ड्यूटी लागायची. सात वर्षांत वडिलांच्या पाठीला एक जखम झाली नाही. हे त्या फार अभिमानानं सांगायच्या, आणि ऐकणाऱ्याला त्यात अभिमान वाटण्यासारखं काय आहे हे कळायचं नाही. ज्यानं अंथरुणाला खिळलेल्या माणसाचं केलंय त्यालाच ते कळतं.

वडील गेले ते सिस्टरच्या निवृत्तीच्याच वर्षी. जाण्याआधी दोन वर्षं त्यांनी मृत्युपत्र केलं होतं: घर मधल्या मुलीला. दुसऱ्या शहरात एक छोटा मोकळा प्लॉट होता, तो थोरल्याला आणि धाकटीला निम्मा निम्मा. मृत्युपत्र वाचलं त्या दिवशी थोरला "बाबांची इच्छा," एवढंच म्हणाला आणि चहा अर्धा टाकून उठला.

चार महिन्यांनी त्याचा दावा आला.

*

शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. दुसऱ्यानं आपल्याला ओढत चढवली तर शहाण्यानं काय करावं, ते त्या म्हणीत नाही.

थोरल्यानं दावा लावला तो त्याच्या शहरात, कारण प्लॉट तिथे होता. दावा वाटपाचा. घर वडिलोपार्जित आहे, वडिलांना ते एकटीच्या नावे लिहून द्यायचा अधिकारच नव्हता, शिवाय मृत्युपत्र बहिणीनं आजारी बापाकडून करवून घेतलं. धाकटीलाही त्यात प्रतिवादी केलं होतं. सिस्टर धाकटीला भेटायला गेल्या. त्या भेटीची हकीकत त्यांनी मला जशीच्या तशी सांगितली होती.

"तू तर बघितलंस ना मी काय केलं ते," सिस्टर म्हणाल्या.

"बघितलं की," धाकटी म्हणाली. "ताई, मला काही नको. पण मिळत असेल तर नको कशाला म्हणू? घरात काय उत्तर देऊ मी?"

हे आवरतंय तोवर काका उठले. वडिलांचे सख्खे भाऊ, वय ऐंशीच्या घरात, पण दाव्याच्या उत्साहात दहा वर्षांनी तरुण झालेले. त्यांचं म्हणणं, घराची जागा आमच्या वडिलांची, म्हणजे सिस्टरच्या आजोबांची. दोघा भावांत तिची वाटणी कधी झालीच नाही, तेव्हा निम्मं घर माझं. नगरपालिकेच्या दफ्तरात घर आता सिस्टरच्या एकटीच्या नावावर चढलं होतं, म्हणून काकांनी दावा फक्त त्यांच्यावर लावला. तो आमच्या गावच्या कोर्टात.

आणि मग थोरल्यानं एका रविवारी येऊन वरच्या मजल्याला कुलूप ठोकलं. म्हणून तिसरा दावा सिस्टरनाच लावावा लागला, कुलूप काढून मिळावं आणि पुढे त्यानं हरकत करू नये यासाठी. तोही आमच्याच गावात, पण दुसऱ्या न्यायाधीशांपुढे. एका घराचे तीन दावे, दोन गावं, तीन न्यायाधीश. इकडच्या दोन दाव्यांत आमचे साहेब, तिकडच्यात तिकडचे एक वकील. त्यांना सिस्टरनी चार-पाच वेळांपेक्षा जास्त कधी पाहिलं नाही. ते उंटावरून शेळ्या हाकणारे. फोनवर म्हणायचे, "बाई, तुम्ही निश्चिंत राहा," आणि फोन ठेवायचे.

काकांच्या दाव्याचं उत्तर द्यायचं होतं तेव्हा सिस्टर पहिल्यांदा आमच्या ऑफिसात आल्या. मांडीवर एक पत्र्याची पेटी. साहेबांसमोर बसून त्यांनी सुरुवात केली, "साहेब, त्याचं असं आहे. जागा आजोबांची, हे खरं. तिथे पत्र्याची शेड होती. वाटणी झाली तेव्हा काकांनी शेत घेतलं आणि बाबांनी ही जागा घेतली. मग बाबांनी शेड पाडून स्वतःच्या पगारातून, जादा पाळ्या करून, एकेक खोली..."

"थांबा," साहेब म्हणाले. "वाटणी झाली होती? कागद आहे?"

सिस्टरनी पेटीतून घडीवर फाटलेला एक कागद काढला. अठ्ठेचाळीस वर्षांपूर्वीचा. दोघा भावांच्या सह्या, दोन साक्षीदार. शेत काकांना, 'वडिलोपार्जित जागा त्यावरील शेडसह' वडिलांना.

साहेबांचा चेहरा उजळला. "काका संपले," ते म्हणाले. "कारकून, घे लिहून. सदर मिळकत वडिलोपार्जित असून वाटणीनं प्रतिवादीच्या वडिलांना मिळालेली आहे."

"पण घर बाबांनी बांधलं, ते पण लिहा ना," सिस्टर म्हणाल्या.

"बाई, ते लांबण कशाला? काकांना तेवढं पुरेसं आहे. जास्त लिहिलं की जास्त अडकतो माणूस."

मी लिहून घेतलं. त्यांनी वाचलं आणि खाली सही केली: वरील मजकूर माझ्या माहितीप्रमाणे खरा आहे.

तिकडच्या वकिलांनी तिकडे काय लिहिलं, ते आम्हाला तेव्हा माहीत नव्हतं. आम्ही विचारलंही नव्हतं.

*

पुढची पाच वर्षं सिस्टरचं आयुष्य म्हणजे तारखा. त्यांच्या स्वयंपाकघरात एक मोठं कॅलेंडर होतं, त्यावर तीन रंगांच्या खुणा. इकडे लाल आणि हिरवी, तिकडच्या कोर्टाची निळी. निळ्या खुणेच्या दिवशी सकाळच्या बसनं निघायचं, साडेअकराला कोर्टात पोहोचायचं, पुकारा होईपर्यंत व्हरांड्यातल्या बाकावर बसायचं. बाकाचा एक पाय मोडका, म्हणून भिंतीच्या बाजूला बसायचं. अडीच वाजता कळायचं, आज साहेब रजेवर आहेत. कधी समोरचे वकील आजारी, कधी आपलेच. परतीच्या बसमध्ये त्या पाय वर घेऊन बसायच्या, कारण घोट्यांना सूज यायची. ती का येते हे त्यांच्याइतकं नेमकं त्या बसमध्ये कोणालाच माहीत नसायचं.

आणि मग एकदा निळी आणि लाल खूण एकाच तारखेवर आली. सिस्टर आमच्याकडे आल्या. "दोन ठिकाणी कशी जाऊ?"

साहेब म्हणाले, "इकडचं मी सांभाळतो. तुम्ही तिकडे जा." त्या गेल्या. साहेब त्या दिवशी जिल्हा कोर्टात दुसऱ्याच कामात अडकले. पुकारा झाला तेव्हा काकांच्या दाव्यात आमच्या बाजूनं कोणीच नव्हतं. दावा एकतर्फी चालवण्याचा हुकूम झाला. तिकडे सिस्टरना काय मिळालं तर पुढची तारीख. एकतर्फी हुकूम रद्द करून घ्यायला सात महिने गेले, दंड भरावा लागला आणि वर न्यायाधीशांचं बोलणं ऐकावं लागलं: "तारखेचं गांभीर्य ठेवत चला."

त्या दिवशी बाहेर आल्यावर सिस्टरनी विचारलं, "साहेब, घर एकच आहे. भांडणारी माणसं त्याच घरातली. मग हे तिन्ही एकाच न्यायाधीशांपुढे का चालत नाही? दवाखान्यात एका पेशंटचे तीन केसपेपर तीन वॉर्डांत फिरत असते तर आम्ही त्याला मारलाच असता."

इतकी साधी गोष्ट पक्षकारानं सुचवावी याचं साहेबांना थोडं लागलं असावं. "करता येतं," ते म्हणाले. "जिल्हा न्यायाधीशांकडे अर्ज द्यायचा. तिकडचा दावा इकडे वर्ग करून घ्यायचा आणि मग तिन्ही एकत्र चालवायचे. पुरावा एकदाच, निकाल एकदाच."

"मग आधी का नाही केलं?"

"प्रत्येक गोष्टीची वेळ असते, बाई."

वेळेचं म्हणाल तर पाच वर्षं होऊन गेली होती.

*

अर्जाला तिन्ही दाव्यांच्या नकला जोडायच्या होत्या. तिकडच्या वकिलांकडून त्यांच्या कैफियतीची प्रत आली. कैफियत म्हणजे प्रतिवादीनं दाव्याला दिलेलं लेखी उत्तर. पानांना क्रमांक घालता घालता मी ती वाचली. वाचायची गरज नव्हती, पण एवढ्या वर्षांत सवय लागलेली.

तिसऱ्या पानावर होतं: 'सदर मिळकत वडिलोपार्जित असल्याचे वादीचे म्हणणे साफ खोटे आहे. सदर मिळकत वडिलांनी संपूर्णपणे स्वकष्टार्जित उत्पन्नातून घेतलेली आहे.' खाली सिस्टरची सही. वरील मजकूर माझ्या माहितीप्रमाणे खरा आहे.

मी कपाटातून आमची कैफियत काढली आणि दोन्ही टेबलावर शेजारी ठेवल्या. इकडे सिस्टर शपथेवर म्हणतात, घर आजोबांचं. तिकडे सिस्टर शपथेवर म्हणतात, घर आजोबांचं नाहीच. तिकडच्या वकिलानं थोरल्याला हरवायला जे सोयीचं ते लिहिलं, आमच्या साहेबांनी काकांना हरवायला जे सोयीचं ते. दोन कोर्टांत साडेतीन तासांचं अंतर होतं तोवर दोन्ही कागद आपापल्या जागी सुखानं नांदत होते. आणि आता ते एका टेबलावर आणायचा अर्ज मी टाईप करत होतो.

कायदा मला कळत नसला तरी आणखी एक गोष्ट मला दिसली. घर वडिलोपार्जित आहे हे सिद्ध करायला थोरल्याकडे तोंडाच्या वाफेशिवाय काही नव्हतं. पाच वर्षांत त्यानं एक चिठोरा दाखल केला नव्हता. तो दावा तो हरणार, हे तिकडच्या वकिलांनाही दिसत होतं. थोरल्याला हवा होता तो कागद सिस्टरच्या पेटीत होता, आणि तो आता काकांच्या दाव्यात आमच्याच हातानं दाखल झालेला. दावे एकत्र झाले की पुरावा सगळ्यांचा.

मी साहेबांकडे गेलो. त्यांनी दोन्ही कागद पाहिले, जरा जास्तच वेळ पाहिले.

"प्रतिवादीला वेगवेगळे बचाव घेता येतात," ते म्हणाले.

"साहेब, कैफियत दुरुस्त करून घेतली तर? अजून साक्षी सुरू नाहीत. जागा आजोबांची आणि बांधकाम वडिलांचं, हेच दोन्हीकडे लिहिलं तर? बाई पहिल्या दिवसापासून तेच सांगतात."

"आणि पाच वर्षं आम्ही झोपलो होतो असं कोर्टाला सांगू? दुरुस्तीचा अर्ज दिला की समोरच्याचं लक्ष तिथेच जाईल. कोण वाचतं रे एवढं?" त्यांनी कागद परत दिले. "आणि बाईंना काही बोलू नकोस. उगीच घाबरतील."

दुसऱ्या दिवशी सिस्टर सही करायला आल्या. त्या दिवशी त्यांचा चेहरा वेगळाच होता. निळी शाई आता लागणार नाही, असं काहीतरी म्हणाल्या. कधी नव्हे ते बिस्किटांचा पुडा घेऊन आल्या होत्या. अर्जाची बारा पानं त्यांनी एकेक करून वाचली. जोडलेल्या नकला जाड गठ्ठ्यात होत्या. त्यावर त्यांनी हात ठेवला आणि मला विचारलं, "कारकूनसाहेब, या वाचत बसत नाही आता. बरोबर आहे ना सगळं?"

"हो," मी म्हणालो.

*

जिल्हा न्यायाधीशांपुढे पहिल्या तारखेला थोरल्याच्या वकिलांनी जोरात विरोध केला. पक्षकाराला ब्लडप्रेशर आहे, प्रवास झेपत नाही, बहीण मुद्दाम त्रास देते आहे. सिस्टर माझ्या शेजारी बसून ऐकत होत्या. "प्रवास झेपत नाही," त्या हलकेच म्हणाल्या. "पाच वर्षं मला झेपला तो."

दुसऱ्या तारखेला त्या वकिलांनी इकडच्या दोन्ही दाव्यांची कागदपत्रं बघायला वेळ मागून घेतला. तिसऱ्या तारखेला ते उभे राहिले आणि म्हणाले, "अर्ज मंजूर व्हायला आमची हरकत नाही."

आमचे साहेब खूश. बाहेर येऊन म्हणाले, "हात टेकले त्यांनी." आपल्या बाजूचा माणूस अचानक गोड बोलायला लागला तर आपण सावध होतो. समोरचा वकील गोड बोलला की आपण त्याला विजय म्हणतो.

हुकूम झाला. तिकडचा दावा इकडे वर्ग. तिन्ही एकत्र चालवावेत, पुरावा एकत्र नोंदवावा. सिस्टरनी घरी जाऊन त्या कॅलेंडरवरच्या पुढच्या सगळ्या निळ्या खुणा खोडल्या. हे त्यांनीच मला सांगितलं, लहान मुलीनं सांगावं तसं.

साक्षीला आणखी दोन वर्षं लागली. काका पहिल्यांदा उभे राहिले. वाटणीचा कागद पुढे धरल्यावर ते म्हणाले, सही माझी आहे पण आठवत नाही. आमचे साहेब माझ्याकडे बघून हसले. थोरल्याची साक्ष अर्ध्या तासात आटोपली, त्याला सांगण्यासारखं काही नव्हतंच. मग सिस्टर.

थोरल्याच्या वकिलांनी उलटतपास सुरू केला तो फार अदबीनं.

"बाई, तुम्ही नर्स होता. लिहिलेलं वाचल्याशिवाय सही करायची नाही, ही सवय असेलच."

"आहे."

"ही सही तुमची? आणि ही?"

"दोन्ही माझ्या."

"या कागदात तुम्ही म्हणता घर वडिलोपार्जित. या कागदात म्हणता वडिलोपार्जित नाही. यातलं खरं कोणतं?"

सिस्टरनी दोन्ही कागद हातात घेतले. एक वाचला, दुसरा वाचला. कोर्टात पंखा फिरत होता आणि टायपिस्ट बोटं उचलून थांबला होता. मग त्यांनी मान वर केली. पण वकिलाकडे नाही, न्यायाधीशांकडे पाहिलं.

"दोन्ही अर्धं अर्धं आहे. जागा आजोबांची. घर बाबांनी बांधलं. तिथे शेड होती, ती बाबांनी पाडली. जिन्याच्या पायऱ्यासुद्धा सारख्या नाहीत, कारण पैसे येतील तसा तो तीन वेळा बांधला. मी लहान होते, मी पाणी मारलंय त्या भिंतींवर."

वकील शांतपणे म्हणाले, "हरकत आहे. हे तिसरंच. हे कोणत्याच कैफियतीत नाही."

न्यायाधीशांनी पानं चाळली. "नाही खरं," ते म्हणाले. "कैफियतीत जे नाही ते साक्षीत नव्यानं आणता येत नाही, बाई. नोंद घ्या: साक्षीदारानं तिसरी हकीकत सांगितली."

"मी पहिल्या दिवशी हेच सांगितलं होतं," सिस्टर म्हणाल्या.

"कोणाला?"

त्यांनी आमच्या टेबलाकडे पाहिलं. साहेब फाइलमध्ये डोकं घालून काहीतरी शोधत होते. मी मात्र त्यांच्याकडेच बघत होतो, आणि आमची नजरानजर झाली. सिस्टर पुन्हा न्यायाधीशांकडे वळल्या आणि म्हणाल्या, "काही नाही."

त्यांनी आमची नावं का घेतली नाहीत ते मला आजही सांगता येत नाही.

*

निकाल एकच आला, तिन्ही दाव्यांचा मिळून, चौतीस पानांचा. काकांचा दावा फेटाळला, कारण प्रतिवादीनं हजर केलेल्या कागदावरून वाटणी झाली होती हे सिद्ध होतं. थोरल्याचा दावा मंजूर, कारण त्याच कागदावरून घर वडिलोपार्जित आहे हे सिद्ध होतं. बांधकामाचं म्हणणं वेळेवर मांडलं नाही म्हणून विचारात घेतलं नाही. मृत्युपत्र संशयास्पद. घराचे आणि प्लॉटचे तीन समान वाटे. सिस्टरचा कुलपाचा दावा निकाली, कारण आता तो त्यांचा एकटीचा मजला राहिलाच नव्हता.

सिस्टर ऑफिसात बसून निकाल वाचत होत्या. एकविसाव्या पानावर त्या थांबल्या आणि बोट ठेवून मला दाखवलं. 'सदर प्रतिवादीने एकाच बाबतीत शपथेवर तीन परस्परविसंगत विधाने केलेली असून ती विश्वासार्ह साक्षीदार नाही.'

"हे वाक्य काढता येईल का?" त्यांनी साहेबांना विचारलं.

"अपील करू ना. घर तुम्हाला—"

"घराचं नाही विचारत. हे वाक्य."

"एका वाक्यासाठी अपील होत नाही, बाई. अपील केलं तर सगळ्याचं करावं लागेल. आणखी सहा-सात वर्षं."

सिस्टर सदुसष्ट वर्षांच्या होत्या. त्यांनी निकाल पिशवीत घातला. "राहू दे मग," म्हणाल्या.

घराचे तीन तुकडे होण्यासारखे नव्हते. थोरल्यानं दोघी बहिणींचे वाटे विकत घेतले. धाकटी पैसे घ्यायला आली तेव्हा सिस्टरच्या गळ्यात पडून रडली, आणि मग मोजून घेतले. वर्षभरात घर पाडलं गेलं. आता तिथे खाली चपलांचं दुकान आहे आणि वर कसलं तरी ट्यूशन.

अपिलाची मुदत संपल्यावर कोर्ट अस्सल कागद परत देतं. वाटणीचा तो कागद सिस्टरना नेऊन द्यायचं काम माझ्याकडे आलं. त्या दवाखान्यामागच्या गल्लीत दुसऱ्या मजल्यावर एका खोलीत राहायला गेल्या होत्या. खोलीत लोखंडी खाट, टेबल, एक खुर्ची. खुर्चीवर त्यांनी मला बसवलं आणि स्वतः खाटेवर बसल्या.

पोचपावती त्यांनी दोनदा वाचली. मग ती तशीच हातात ठेवून विचारलं, "अर्ज टाईप केलात तेव्हा दोन्ही कैफियती तुमच्याकडे होत्या ना?"

"होत्या."

"वाचल्या होत्या?"

खोटं बोलणं सोपं होतं. कारकुनाला वाचायची गरज नसते, हे त्यांनीही मानलं असतं.

"वाचल्या होत्या," मी म्हणालो.

"मी तुम्हाला विचारलं होतं."

"साहेब म्हणाले होते की—"

"साहेबांना नव्हतं विचारलं. तुम्हाला विचारलं होतं."

त्या रागावल्या असत्या तर बरं झालं असतं. पण एखाद्या शिकाऊ नर्सनं नाडी न बघता आकडा टाकला तर जशा बघत असतील, तशा त्या माझ्याकडे बघत राहिल्या. त्यात राग नव्हता. या मुलीच्या भरवशावर वॉर्ड सोडून जाता येणार नाही, एवढंच त्यात होतं. मग त्यांनी पावती माझ्याकडे सरकवली. सही केलेली नव्हती.

"साहेबांना सांगा, कागद मिळाला. पण मी सही करणार नाही. कशावरच करणार नाही आता."

कोर्टाच्या दफ्तरात पावतीवर सही लागतेच. ती मी केली, 'त्यांच्या वतीनं' असं लिहून.

त्याला चार वर्षं झाली. सिस्टर सकाळी एका खासगी दवाखान्यात दोन तास जातात, म्हाताऱ्या पेशंटना कुशीवर कसं वळवायचं ते मुलींना शिकवतात. रस्त्यात भेटलो तर मान हलवतात, थांबत नाहीत. त्यांचे घरमालक गेल्या महिन्यात आमच्याकडे आले होते, भाडेकरार करून घ्यायला काय करावं ते विचारायला. म्हणाले, "बाई भाडं वेळेवर देतात, खोली स्वच्छ ठेवतात, तक्रार काही नाही. पण चार वर्षं झाली, करारावर सही करत नाहीत. काही करता येईल का?"

साहेब म्हणाले, "दावा लावता येईल."

घरमालक भला माणूस. नको म्हणाले आणि चहा घेऊन गेले.